जन्म २६ जुलै, इंतकाल २६ जुलै : इब्ने सफी

उर्दू वाचणारं कुणी बुजुर्ग घरात असतील तर त्यांच्यासमोर नुसती दोन नावं घेऊन बघा. एक कर्नल फरीदी, दुसरं इम्रान. चेहऱ्यावर हसू येतं की नाही ते पाहा. गुडघे दुखणारा माणूससुद्धा सरळ बसतो आणि सुरू होतो, की मदरशाच्या किताबाच्या आत लपवून कशी वाचली, वालिदांनी कसं पकडलं आणि नंतर तेच पुस्तक वालिद स्वतःच कसे रात्री जागून वाचत बसले.

ही दोन्ही माणसं कधी अस्तित्वात नव्हती. एका शाळामास्तराने ती कागदावर बनवली. त्या मास्तरांचं नाव असरार अहमद. जग त्यांना इब्ने सफी म्हणून ओळखतं.

त्यांचा जन्म २६ जुलै १९२८चा. गाव नारा, तेव्हाच्या अलाहाबाद जिल्ह्यातलं, आता ते कौशांबी जिल्ह्यात येतं. वडिलांचं नाव सफीउल्लाह. इब्ने सफी म्हणजे सफींचा मुलगा, इतकाच त्या टोपणनावाचा अर्थ. दाग देहलवींचे शागिर्द असलेले नामवंत शायर नूह नारवी त्यांच्या नात्यातले. म्हणजे शायरीचं वातावरण घरातच होतं. पण पोराला वेड लागलं ते 'तिलिस्मे होशरुबा'चं. जादू, अय्यार, वेष बदलणारे हेर यांच्या या जाडजूड दास्तानचे खंड त्यांनी आठ-नऊ वर्षांच्या वयात वाचायला घेतले आणि पुन्हा पुन्हा वाचले. पुढे त्यांच्या कादंबऱ्यांत माणसं क्षणात रूप बदलतात, भिंतीआडून दरवाजे उघडतात, ते सगळं तिथून आलंय. विलायती डिटेक्टिव्ह कथा त्यांनी नंतर वाचल्या. मुळातली माती आपल्याच दास्तानची होती.

सातवीत असताना त्यांनी एक कथा लिहिली आणि थेट मुंबईला पाठवून दिली. मुंबईहून 'शाहिद' नावाचं उर्दू साप्ताहिक निघत असे, संपादक आदिल रशीद. त्यांना काय माहीत की लेखक हाफ पँट घालणाऱ्या वयाचा आहे! त्यांनी कथा छापली, वर भारदस्त बिरुद लावलं, मुसव्विरे जज्बात, म्हणजे भावनांचा चित्रकार. मग काय, घरातले त्याच नावाने हाक मारून पाणी आणायला पिटाळू लागले. हा किस्सा इब्ने सफींनी स्वतःच मजेत लिहून ठेवलाय. आपल्या पहिल्या कथेवर हसता येणं ही मोठी गोष्ट आहे. पुढे लाखो लोकांना हसवणारा माणूस आधी स्वतःवर हसायला शिकला होता.

शाळा डीएव्ही, कॉलेज इविंग ख्रिश्चन, दोन्ही अलाहाबादची. मग अलाहाबाद विद्यापीठात प्रवेश घेतला आणि १९४७ साल आलं. दंगली सुरू झाल्या, शिक्षण तुटलं. वडील कराचीला गेले, असरार आई आणि बहिणीसोबत अलाहाबादलाच राहिले. खाजगीरीत्या बीए करायचं तर आग्रा विद्यापीठाचा रस्ता होता, आणि त्याला अट होती दोन वर्षं शिकवण्याच्या अनुभवाची. म्हणून ते मास्तर झाले. आधी इस्लामिया स्कूल, नंतर यादगारे हुसैनी स्कूल. आम्ही शिक्षक मंडळी या गोष्टीचा थोडा अभिमान बाळगतो, मी तरी बाळगतो. वर्गातल्या मागच्या बाकावरच्या मुलाचं लक्ष कसं धरून ठेवायचं, ही कला त्यांच्या प्रत्येक पानावर दिसते.

याच काळात अलाहाबादला अब्बास हुसैनींनी 'निकहत' हे मासिक काढलं. असरार अहमद तिथे शायरीचा विभाग बघायचे आणि असरार नारवी या नावाने गझला लिहायचे. विनोदी लेखांसाठी तुगरल फरगान असं विचित्र नाव घेतलं होतं. भोवती तरुण लेखकांचं टोळकं होतं. त्यातले एक राही मासूम रझा. तेच राही, जे नंतर मुंबईला आले, चित्रपट लिहू लागले आणि दूरदर्शनवरच्या 'महाभारत'चे संवाद ज्यांच्या लेखणीतून उतरले.

एकदा बैठकीत गप्पा चालल्या होत्या. एका बुजुर्गांनी मत मांडलं की उर्दूत खपतं ते फक्त अश्लील लिखाण, बाकी सगळं धूळ खात पडतं. बाजारातली स्थिती पाहिली तर ते फार चुकीचं बोलत नव्हते. पण या मास्तरांना ते लागलं. त्यांनी ठरवलं की एक ओळही घाण न लिहिता खपून दाखवायचं. अब्बास हुसैनी पैसा लावायला तयार झाले आणि मार्च १९५२मध्ये 'जासूसी दुनिया'चा पहिला अंक आला. कादंबरी 'दिलेर मुजरिम', किंमत नऊ आणे.

या पहिल्या कादंबरीचा सांगाडा व्हिक्टर गन या इंग्रज लेखकाच्या पुस्तकावरून घेतलेला होता. ही गोष्ट इब्ने सफींनी लपवली नाही. आपल्या कोणत्या मोजक्या पुस्तकांची कथानकं इंग्रजीतून उचलली, हे त्यांनी नंतर स्वतःच प्रस्तावनेत सांगून टाकलं. पण सांगाड्यावर मांस चढवलं ते आपल्या मातीचं. यात ज्या बाईंचा खून होतो त्या सविता देवी. त्या हिंदू आहेत आणि त्यांनी आपल्या वारलेल्या मैत्रिणीचा मुलगा वाढवलाय. तो मुलगा म्हणजे डॉ. शौकत. मैत्रिणीला दिलेल्या शब्दाखातर त्यांनी शौकतला मुसलमान म्हणूनच लहानाचं मोठं केलं. दंगली होऊन पाच वर्षंसुद्धा झाली नव्हती, स्वतः लेखकाचं घर फाळणीने दोन देशांत फाटलं होतं, आणि या तेवीस वर्षांच्या मुसलमान तरुणाने आपल्या पहिल्या पुस्तकात ही आई उभी केली. भाषण नाही, उपदेश नाही. वाचक खुनी शोधण्याच्या नादात पानं उलटत जातो आणि सविता देवी मनात राहून जातात.

पुस्तक खपलं. मग दर महिन्याला एक. आणि त्याच वर्षी ऑगस्टमध्ये असरार अहमद आई आणि बहिणीला घेऊन वडिलांकडे कराचीला गेले.

इथून पुढची त्यांची सगळी कारकीर्द चमत्कारिकच म्हणायची. लेखक कराचीत, प्रकाशक अलाहाबादेत, वाचक दोन्हीकडे. लालूखेतच्या वस्तीत साध्या घरात बसून ते लिहायचे, हस्तलिखित अलाहाबादला यायचं, कातिब किताबत करायचे आणि अंक बाजारात जायचा. १९५७मध्ये त्यांनी कराचीत असरार पब्लिकेशन्स काढलं, तेव्हापासून तिकडेही पुस्तकं निघू लागली. भारतातली मात्र अब्बास हुसैनींकडेच राहिली. दोन्ही सरकारांचं एकमेकांशी पटत नव्हतं आणि दोन्हीकडचे लोक एकच पुस्तक वाचत होते. लेखकानेही बहुतेक कादंबऱ्यांत देशाचं नावच घेतलं नाही. एक मोठं शहर आहे, समुद्र आहे, क्लब आहेत, धुकं आहे. परदेश लागला तर शकराल, कराघाल असे मनचे मुलुख बनवले. त्यामुळे मुंबईचा वाचक ते मुंबई समजून वाचायचा आणि कराचीचा कराची.

फरीदी हा मोठ्या घरातला, दारूला न शिवणारा, कायद्यापुढे कुणाचीही पर्वा न करणारा पोलीस अधिकारी. त्याच्या बरोबरचा हमीद पक्का टवाळ, मुलींच्या मागे लागणारा, पण हद्द न ओलांडणारा. त्याने एक बोकड पाळलाय आणि त्याला बगरा खान नाव देऊन क्लबात घेऊन जातो. शिवाय कासिम, डोंगराएवढा देह आणि लेकराएवढी अक्कल. आमच्या मराठीत बाबूराव अर्नाळकरांचा झुंझार आणि काळापहाड असेच घरोघर पोचले होते. ज्यांनी ते वाचलेत त्यांना ही ओढ समजावून सांगायला नको.

ऑगस्ट १९५५मध्ये 'खौफनाक इमारत' आली आणि इम्रान अवतरला. भुताटकीची म्हणून लोक टाळतात अशी एक रिकामी इमारत, तिथे सापडलेलं प्रेत, आणि गोंधळलेला पोलीस अधिकारी फय्याज ज्याला मदतीला बोलावतो तो हा इम्रान. विलायतेतून डॉक्टरेट घेऊन आलेला, पण चेहऱ्यावर सदा मूर्खपणा. टायचा रंग वेगळा, कोटाचा वेगळा, बोलणं तिरपागडं. वडील रहमान साहेब गुप्तचर खात्याचे मोठे अधिकारी, त्यांनी या नालायक पोराला घराबाहेर काढलंय. तो एका फ्लॅटवर राहतो, आणि नोकर सुलेमान त्याला इतका छळतो की मालक कोण तेच कळेनासं होतं. आणि हाच इम्रान गुपचूप सीक्रेट सर्व्हिसचा प्रमुख एक्स-टू आहे. त्याच्या हाताखालची जूलिया, सफदर, तन्वीर ही माणसं एक्स-टूच्या नुसत्या आवाजाला थरथर कापतात आणि समोरच्या इम्रानला वेडा समजून हसतात.

मी हे वर्गात सांगतो तेव्हा मुलं नेहमी एकच गोष्ट विचारतात. इम्रान सांगून का टाकत नाही? बापाला तरी सांगावं! मला वाटतं, याच प्रश्नापायी लोकांनी वर्षानुवर्षं पुढचा अंक विकत घेतला. किंवा भाड्याने आणला. तेव्हा मोहल्ल्यात पुस्तकं भाड्याने देणारी दुकानं असत. दिवसाला काही पैसे, आणि उद्या परत केलं नाही तर दुप्पट. म्हणून एकाने मोठ्याने वाचायचं आणि बाकीच्यांनी ऐकायचं. अक्षरओळख नसलेल्या आजीलाही इम्रान माहीत असायचा तो असा. उर्दू येत नव्हती आणि इब्ने सफींसाठी शिकलो, असं सांगणारी माणसं मी पाहिली आहेत. आमच्या खात्याचा कोणताही साक्षरता वर्ग हे करू शकला नसता.

वेग अफाट होता. कधी कधी महिन्यात तीन-चार कादंबऱ्या. असं लिहिताना सगळंच चांगलं उतरत नाही, आणि उतरलं नाहीच. काही पुस्तकांत शेवट घाईघाईने गुंडाळलाय, काहींत यंत्रं आणि किरणं इतकी की डोकं गरगरतं. पण भाषा कुठेही ढासळत नाही. साधी, स्वच्छ, खेळकर उर्दू. आणि दिलेला शब्द त्यांनी पाळला. बापाने आणलेलं पुस्तक मुलीने वाचलं तर कुणाची मान खाली जाऊ नये, असं ते शेवटपर्यंत लिहीत राहिले. गुन्हेगार कितीही हुशार असो, कायद्याच्या हाती लागतो, हेही त्यांनी सोडलं नाही.

मग १९६०मध्ये लेखणी थांबली.

त्यांना स्किझोफ्रेनियाने गाठलं होतं. वय बत्तीस, घरात बायको आणि लहान लेकरं. १९५३मध्ये उम्मे सलमा खातून यांच्याशी त्यांचा निकाह झाला होता. जवळजवळ तीन वर्षं एक ओळ नाही. बाजार मात्र थांबला नाही. फरीदी आणि इम्रान ही नावं कुणीही उचलली, सफी हा शब्द आपल्या नावाला जोडून नकली लेखक उगवले आणि नको त्या मजकुराची पुस्तकं इब्ने सफींच्या पात्रांच्या नावावर विकू लागले. ज्याच्या विरोधात या माणसाने लेखणी धरली होती तेच त्याच्या नावाने विकलं जात होतं, आणि तो उठून बोलूही शकत नव्हता.

आपल्याकडे असा आजार घरात झाला की पडदा टाकतात. लोक काय म्हणतील, मुलीचं लग्न कसं होईल. मग आमिल, तावीज, दर्ग्याच्या फेऱ्या, डॉक्टर सगळ्यात शेवटी. इब्ने सफींच्या घरच्यांनी त्यांना सांभाळलं आणि कराचीच्या एका हकीम साहेबांच्या इलाजाने ते सावरले. त्या काळात जे मिळालं ते केलं. आज या आजारावर चांगली औषधं आहेत, सरकारी दवाखान्यातही मिळतात, तेव्हा कुणी हा किस्सा ऐकून फक्त हकिमाचा पत्ता शोधत बसू नये एवढंच मी म्हणेन. पण माणूस यातून परत येतो, पूर्वीसारखं काम करतो, हे आपल्या घरातल्या कुणाला सांगायचं असेल तर हे उदाहरण ठेवा.

कारण ते परत आले, आणि कसे! नोव्हेंबर १९६३मध्ये 'डेढ मतवाले' ही इम्रानची कादंबरी निघाली. भारतात तिचं प्रकाशन झालं लालबहादूर शास्त्रींच्या हस्ते. विचार करा, एक उर्दू जासूसी कादंबरी, लेखक पाकिस्तानात, १९६३ साल, आणि पुढे पंतप्रधान झालेला नेता ती लोकांपुढे ठेवतोय. आवृत्ती हातोहात संपली. थोड्याच दिवसांत दुसरी काढावी लागली. नकली लेखकांना बाजारानेच उत्तर दिलं.

त्यानंतर १७ वर्षं ते लिहीत राहिले. एकूण हिशेब 'जासूसी दुनिया'च्या १२५ आणि 'इम्रान सिरीज'च्या १२० कादंबऱ्यांचा सांगितला जातो. आजारानंतरच्या पुस्तकांत खेळकरपणा थोडा कमी आणि माणसाविषयीचा विचार जास्त आहे, असं मला वाटतं. बुजुर्ग वाचक मात्र जुन्यांवरच जीव टाकतात, त्यांच्याशी मी वाद घालत नाही.

पडद्याशी मात्र त्यांचं फारसं जमलं नाही. १९७४मध्ये 'धमाका' हा सिनेमा आला, 'बेबाकों की तलाश' या कादंबरीवरचा. गंमत म्हणजे त्यात इम्रानला पडद्यावर आणलंच नाही. आणणार तरी कुणाला? प्रत्येक वाचकाच्या मनात आपापला इम्रान होता. जफरुल मुल्क हे पात्र केलं एका नव्या मुलाने, तोच पुढे जावेद शेख म्हणून मोठा झाला. एक्स-टू फक्त आवाजातून येतो आणि तो आवाज होता खुद्द इब्ने सफींचा. त्यांची एक गझल हबीब वली मोहम्मद यांनी त्यात गायली. एवढं असून सिनेमा चालला नाही. नंतर पाकिस्तान टेलिव्हिजनसाठी 'डॉक्टर दुआगो' तयार झालं, इम्रानच्या भूमिकेत कवी खान. ते प्रेक्षकांपर्यंत पोचलंच नाही. हजारो पानांतून करोडो लोकांच्या डोळ्यांपुढे चित्रं उभी करणाऱ्या माणसाला कॅमेऱ्याने साथ दिली नाही, ही हुरहूर त्यांच्या चाहत्यांना अजून आहे.

आणखी एक हुरहूर. उर्दूच्या मोठमोठ्या टीकाकारांनी त्यांना दारात उभं केलं नाही. अदबच्या इतिहासात त्यांना जागा नव्हती, अभ्यासक्रमात तर नाव काढायची सोय नव्हती. ज्यांची पुस्तकं चारशे-पाचशे प्रतींच्या वर जात नव्हती ते लोक हजारोंनी वाचल्या जाणाऱ्या माणसाला लेखक मानायला तयार नव्हते. आम्हीही बीएडला असताना बालवाचनाच्या याद्या पाठ केल्या, त्यात इब्ने सफी कुठेच नव्हते, आणि आम्हा सगळ्यांना वाचनाची सवय लागली होती ती त्यांच्यामुळेच! आता जरा उजाडलंय. शम्सुर्रहमान फारुकी यांच्यासारख्या उर्दूच्या सर्वांत मोठ्या टीकाकाराने, तेही अलाहाबादचेच, वयाच्या पंचाहत्तरीत 'जासूसी दुनिया'च्या चार कादंबऱ्यांचं इंग्रजी भाषांतर केलं. २०११मध्ये ती चेन्नईहून निघाली. त्याच्या आदल्या वर्षी 'खौफनाक इमारत' इंग्रजीत आली होती, भाषांतर बिलाल तन्वीर यांचं.

१९७९च्या उत्तरार्धात पोटाचं दुखणं सुरू झालं. स्वादुपिंडाचा कर्करोग निघाला. तशातही ते लिहीत होते. २६ जुलै १९८०च्या पहाटे कराचीत त्यांचा इंतकाल झाला. बरोबर बावन्न वर्षं पूर्ण झाली होती, रमजानचे दिवस होते. मागे पत्नी, चार मुलगे, तीन मुली. पापोशनगरच्या कब्रस्तानात दफन झालं. उशाशी इम्रानच्या एका कादंबरीचं अपुरं हस्तलिखित होतं, नाव 'आखरी आदमी'.

आता आपल्या घरांपुरतं. आपली बरीच मुलं मराठी नाहीतर इंग्रजी माध्यमात शिकतात, उर्दू लिपी त्यांना येत नाही किंवा अडखळत येते. अब्बास हुसैनी हिंदीतही ही पुस्तकं काढत, पण त्यात फरीदीचा विनोद झाला होता आणि इम्रानचा राजेश. हिंदीवाल्या वाचकांनी वर्षानुवर्षं याच नावांनी ती वाचली आणि तरीही त्यांच्यावर प्रेम केलं. नंतर निलाभ यांच्या संपादनाखाली जो नवा हिंदी संच आला त्यात नावं मूळचीच आहेत, फरीदी तो फरीदी आणि इम्रान तो इम्रान. लिपी देवनागरी, भाषा बोलीतली, म्हणजे मराठी शाळेतल्या आठवीच्या मुलालाही अडचण नाही. माझ्या वर्गातल्या मुलांना मी 'खौफनाक इमारत' आधी देतो, मग 'चट्टानों में आग'. 'खौफनाक इमारत'च्या प्रतीची बांधणी दोनदा करून घ्यावी लागली आहे, आणि सध्या ती कुणाकडे आहे हे वर्गात कुणीच कबूल करत नाही.